चार किलोमीटरांची समता

क्रीडाजगतात एखादी शर्यत नव्याने सुरू होते तेव्हा तिचा बराच गाजावाजा होतो. ती बंद होते तेव्हा कार्यक्रमपत्रिकेतील एक ओळ तेवढी गळते. जागतिक क्रॉस कंट्री अजिंक्यपद स्पर्धेतील स्त्रियांच्या छोट्या पल्ल्याच्या शर्यतीचे नेमके असेच झाले. १९९८ साली मोरोक्कोतील माराकेश येथे ती प्रथम भरली आणि २००६ साली जपानमधील फुकुओका येथे शेवटची. सुमारे चार किलोमीटरांचे अंतर, बारा ते पंधरा मिनिटांचा अवधी आणि एकूण आयुष्य नऊ वर्षांचे. ती रद्द झाली तेव्हा कोणी फारसे हळहळले नाही. रद्द करण्यासाठी जी कारणे पुढे आली, ती वरवर पाहता पटण्यासारखीही होती. परंतु जमाखर्च मांडताना एक रकमेची नोंद राहून गेली. जागतिक क्रॉस कंट्रीच्या मैदानावर स्त्री आणि पुरुष यांना एकच अंतर धावण्याची मुभा प्रथम मिळाली ती या छोट्या शर्यतीत; आणि ती शर्यत गेली तेव्हा तिच्याबरोबर ही समानताही गेली. ती परत येण्यास पुढे दहा वर्षे लागली. या दहा वर्षांचा हिशेब कोणीतरी विचारणे आवश्यक आहे. कारण प्रश्न केवळ एका शर्यतीचा नाही. एखाद्याची ताकद किती, हे त्याला न विचारता ठरवून टाकण्याच्या जुन्या सवयीचा तो प्रश्न आहे.

क्रॉस कंट्री हा प्रकार आपल्याकडील सर्वसामान्य क्रीडारसिकाला ऑलिंपिकमधील शर्यतींइतका परिचित नाही. येथे आखीव मार्ग नसतो, पायाखाली सपाट पृष्ठभाग नसतो. गवताळ कुरणे, चढउतार, चिखल, कधी घोड्यांच्या शर्यतीचे मैदान, कधी माळरान अशा भूमीवरून शेकडो धावपटू एकाच वेळी सुटतात. मैदानी शर्यतीत घड्याळाला जे महत्त्व असते ते येथे नसते. एका ठिकाणच्या वेळेची दुसऱ्या ठिकाणच्या वेळेशी तुलना करण्यात अर्थ नसतो, कारण प्रत्येक ठिकाणची माती निराळी आणि त्या दिवसाचे हवामानही निराळे. म्हणून या प्रकारात जागतिक विक्रम नोंदवले जात नाहीत. कोण कोणाच्या पुढे आले, एवढेच येथे मोजले जाते.

दुसरे वैशिष्ट्य सांघिक गुणांकनाचे. संघातील धावपटूंचे क्रमांक मिळवून बेरीज करायची आणि ज्याची बेरीज सर्वांत कमी तो संघ विजयी, असा हा सरळ हिशेब आहे. छोट्या शर्यतीत प्रत्येक संघातील पहिल्या चौघींचे क्रमांक धरले जात. त्यामुळे सुवर्णपदक मिळवणारीइतकीच चाळिसाव्या क्रमांकासाठी चिखल तुडवणारी चौथी धावपटूही देशाच्या दृष्टीने महत्त्वाची ठरे. ज्या खेळात शेवटून येणाऱ्याच्या धडपडीलाही मोल असते, त्या खेळाने निम्म्या माणसांचे अंतर आधीच कापून ठेवावे, हा विरोधाभास म्हणूनच अधिक बोचतो.

अंतर कोणी ठरवले?

या स्पर्धेची परंपरा जुनी आहे. १९०३ साली स्कॉटलंडमधील हॅमिल्टन पार्क येथील घोड्यांच्या शर्यतीच्या मैदानावर इंग्लंड, स्कॉटलंड, आयर्लंड व वेल्स या चार संघांत पहिली आंतरराष्ट्रीय क्रॉस कंट्री शर्यत झाली. ती अर्थातच पुरुषांची होती. स्त्रियांची आंतरराष्ट्रीय शर्यत फ्रान्समधील दुए येथे १९३१ साली झाली खरी. परंतु नंतर ती मध्येच कधीतरी भरत राहिली. मुख्य स्पर्धेत तिला कायमचे स्थान मिळण्यास १९६७ साल उजाडावे लागले. वेल्समधील बॅरी येथे त्या वर्षी अमेरिकेची डोरिस ब्राउन जिंकली आणि तेव्हापासून १९७१ पर्यंत सलग पाच वर्षे जिंकत राहिली. १९७३ मध्ये बेल्जियममधील वारेगेम येथे या स्पर्धेला जागतिक अजिंक्यपदाचे रूप आले. त्या दिवशी पुरुष सुमारे बारा किलोमीटर धावले. स्त्रियांच्या वाट्याला आले सुमारे चार किलोमीटर. म्हणजे पुरुषाच्या एक तृतीयांश!

हे प्रमाण कोठून आले? कोणत्या प्रयोगशाळेत ते सिद्ध झाले होते? वस्तुतः ते कोठेही सिद्ध झालेले नव्हते. त्याचे मूळ शोधावयाचे तर १९२८ सालच्या अ‍ॅमस्टरडॅम ऑलिंपिककडे जावे लागते. त्या वर्षी स्त्रियांसाठी ८०० मीटरांची शर्यत प्रथमच ठेवण्यात आली. जर्मनीची लीना राडके नव्या जागतिक विक्रमासह जिंकली. अंतिम शर्यतीत उतरलेल्या नऊही जणींनी ती पूर्ण केली. परंतु दुसऱ्या दिवशी अनेक वृत्तपत्रांनी जे छापले ते निराळेच होते. स्त्रिया मैदानावर कोसळल्या, ते दृश्य पाहवत नव्हते, एवढे अंतर स्त्रीदेहाला झेपणारे नाही, अशी वर्णने प्रसिद्ध झाली. धावपटू शर्यतीनंतर दमून खाली बसतो, यात नवल ते काय? परंतु ते दमणे हाच पुरावा मानला गेला आणि ती शर्यत ऑलिंपिकमधून काढून टाकण्यात आली. ती परत आली १९६० साली, रोममध्ये. मधल्या बत्तीस वर्षांत ऑलिंपिकच्या मैदानावर स्त्रियांना २०० मीटरांपलीकडे धावण्याची संधी मिळाली नाही.

याच्या केवळ चार वर्षे आधी, १९२४ मध्ये, पॅरिस ऑलिंपिकमध्ये पुरुषांची क्रॉस कंट्री शर्यत भर उन्हात झाली होती. अडतीस जण निघाले आणि पोचले केवळ पंधरा. काही धावपटू उन्हाच्या तडाख्याने वाटेतच कोसळले, काहींना दवाखान्यात न्यावे लागले. त्या अनुभवानंतर क्रॉस कंट्री ऑलिंपिकमधून गेली, हे खरे. परंतु पुरुषांना दहा हजार मीटर झेपत नाहीत किंवा मॅरेथॉन त्यांच्या प्रकृतीला मानवत नाही, असा निष्कर्ष कोणी काढला नाही. तेथे दोष उन्हाला दिला गेला, मार्गाला दिला गेला. अ‍ॅमस्टरडॅमला मात्र दोष देहाला दिला गेला. पुरुष कोसळला तर परिस्थिती कठीण आणि स्त्री दमली तर स्त्री दुबळी, असा हा न्याय होता. वारेगेमचे चार किलोमीटर त्याच न्यायाच्या पोटी जन्मले.

या न्यायाचा फोलपणा प्रत्यक्षात किती लवकर उघडा पडला, हे नॉर्वेच्या ग्रेटे वाइट्झ हिच्या उदाहरणावरून दिसते. १९७८ च्या मार्चमध्ये ग्लासगो येथे तिने आपले पहिले जागतिक क्रॉस कंट्री विजेतेपद मिळवले. पुढे तिने आणखी चार मिळवली. त्या काळी स्त्रियांची ही शर्यत चार-पाच किलोमीटरांचीच होती. त्याच वर्षीच्या ऑक्टोबरात ही शिक्षिका न्यूयॉर्कमध्ये आयुष्यातील पहिली मॅरेथॉन धावली आणि स्त्रियांच्या मॅरेथॉनमधील जगातील सर्वोत्तम वेळ नोंदवून जिंकली. म्हणजे जिला मार्चमध्ये पाच किलोमीटर पुरेसे समजले जात होते, तिने सात महिन्यांत बेचाळीस किलोमीटर धावून दाखवले. तिच्या पायांत या सात महिन्यांत काही चमत्कार घडला नव्हता. क्षमता आधीपासून होतीच. कमी पडत होते ते तिला दिलेले अंतर.

ऑलिंपिकच्या मैदानाने हा धडा सावकाश का होईना, पण घेतला. १९७२ मध्ये स्त्रियांची १५०० मीटरांची शर्यत आली. १९८४ मध्ये मॅरेथॉन, १९८८ मध्ये दहा हजार मीटर आणि १९९६ मध्ये तीन हजारांच्या जागी पाच हजार मीटर. अडथळ्यांची स्टीपलचेस सोडली तर १९९६ पर्यंत ८०० मीटरांपासून मॅरेथॉनपर्यंत धावण्याच्या शर्यतींची अंतरे स्त्री-पुरुषांना सारखी झाली होती. क्रॉस कंट्रीत मात्र १९९० नंतरच्या वर्षांतही स्त्रियांची शर्यत सहा किलोमीटरांच्या घरातच अडकलेली होती आणि पुरुषांची बारांच्या.

नऊ शर्यती, सात विजेत्या

या पार्श्वभूमीवर १९९८ साली दोन बदल एकदम झाले. स्त्रियांच्या मोठ्या शर्यतीचे अंतर सुमारे आठ किलोमीटरांवर नेण्यात आले आणि स्पर्धा दोन दिवसांची करून पुरुष व स्त्रिया अशा दोघांसाठीही एक छोटी शर्यत जोडण्यात आली. संयोजकांचा उद्देश समानतेचा होता असे म्हणणे धाडसाचे ठरेल. १५०० मीटरांसारख्या मध्यम पल्ल्याच्या मैदानी धावपटूंना या स्पर्धेकडे वळवावे, हा मुख्य हेतू होता. परंतु हेतू काहीही असो, परिणाम महत्त्वाचा होता. छोट्या शर्यतीचा मार्ग दोघांनाही एकच होता. चार किलोमीटर ती आणि चार किलोमीटर तो.

येथे एक सूक्ष्म पण महत्त्वाची गोष्ट लक्षात घेतली पाहिजे. वारेगेमला स्त्रिया चार किलोमीटर धावल्या होत्या आणि माराकेशलाही त्या चार किलोमीटर धावल्या. अंतर तेच, पण अर्थ पूर्णपणे बदललेला होता. वारेगेमचे चार किलोमीटर ही मर्यादा होती, माराकेशचे चार किलोमीटर ही निवड होती. जिला आठ धावायचे होते तिच्यासाठी आठ होते, जिला चार धावायचे होते तिच्यासाठी चार, आणि जिच्यात दम होता तिला दोन्ही खुले होते. ‘छोटी’ हे विशेषण प्रथमच शर्यतीला लागले. ते धावणाऱ्या स्त्रीला चिकटलेले राहिले नाही.

आयर्लंडच्या सोनिया ओसलिव्हनने ही मोकळीक पहिल्याच वर्षी पुरेपूर वापरली. १९९६ च्या अटलांटा ऑलिंपिकमध्ये पदकाच्या अपेक्षेने गेलेली ही धावपटू तेथे पूर्णपणे अपयशी ठरली होती. माराकेशला तिने लागोपाठच्या दोन दिवसांत आधी मोठी आणि मग छोटी शर्यत जिंकली. त्याच वर्षी बुडापेस्टच्या युरोपीय स्पर्धेत पाच व दहा हजार मीटर या दोन्ही शर्यती तिच्याच झाल्या आणि २००० च्या सिडनी ऑलिंपिकमध्ये तिने पाच हजार मीटरांचे रौप्यपदक मिळवले. खचलेल्या खेळाडूला उभे राहण्यासाठी कधी कधी एका दारापेक्षा दोन दारे उघडी असणे उपयोगी पडते.

त्यापुढील दोन वर्षांत संयोजकांचा मूळ हेतूही सफल झालेला दिसतो. १९९९ मध्ये बेलफास्टच्या चिखलात केनियाची जॅकलिन मरांगा जिंकली. आदल्याच वर्षी राष्ट्रकुल क्रीडा स्पर्धेत १५०० मीटरांचे सुवर्णपदक तिने मिळवले होते. २००० मध्ये पोर्तुगालमधील विलामूरा येथे इथिओपियाची कुट्रे दुलेचा पहिली आली. तीही १५०० मीटरांची धावपटू, १९९९ च्या जागतिक मैदानी स्पर्धेतील कांस्यपदकाची मानकरी. बारा किंवा आठ किलोमीटरांच्या शर्यतीत या दोघींना अव्वल स्थानासाठी झगडण्याची संधी क्वचितच मिळाली असती.

२००१ ची स्पर्धा डब्लिनला व्हायची होती. परंतु त्या वर्षी ब्रिटन व आयर्लंडमधील गुराढोरांत लाळ-खुरकुताची साथ पसरली आणि स्पर्धा बेल्जियममधील ओस्टेंडला हलवावी लागली. कुरणांतून धावणाऱ्या खेळाचे भवितव्य कुरणात चरणाऱ्या जनावरांच्या आरोग्याशी किती जवळून बांधलेले असते, हेच त्यातून दिसले. ओस्टेंडच्या चिखलात ब्रिटनची पॉला रॅडक्लिफ आणि इथिओपियाची गेटे वामी यांच्यात जी झुंज झाली, ती दोन शर्यतींच्या व्यवस्थेचे सर्वोत्तम समर्थन होय. पहिल्या दिवशी मोठ्या शर्यतीत रॅडक्लिफने वामीला मागे टाकले. दुसऱ्या दिवशी छोट्या शर्यतीत वामीने रॅडक्लिफला. एकीकडे सहनशक्तीचा कस, दुसरीकडे वेगाचा. दोघींपैकी श्रेष्ठ कोण, याचे उत्तर एका शर्यतीने दिले असते तर ते अपुरे ठरले असते.

त्यानंतरची तीन वर्षे केनियाच्या ईडिथ मसाईची. डब्लिन, लोझान आणि ब्रसेल्स येथील छोट्या शर्यती तिने ओळीने जिंकल्या. हे यश मिळाले तेव्हा तिचे वय अनुक्रमे चौतीस, पस्तीस आणि छत्तीस वर्षांचे होते. मध्यम पल्ल्याच्या धावपटूंनी ज्या वयात बूट खुंटीला टांगावेत अशी अपेक्षा असते, त्या वयात ती अजिंक्य होती. स्त्रियांच्या छोट्या शर्यतीचे विजेतेपद एकापेक्षा अधिक वेळा मिळवणारी ती एकटीच. आणि लगेच २००५ मध्ये फ्रान्समधील सेंत-एतियेन येथे त्याच सिंहासनावर आली एकोणीस वर्षांची टिरुनेश डिबाबा. ओसलिव्हननंतर मोठी व छोटी अशा दोन्ही शर्यती एकाच स्पर्धेत जिंकणारी ही दुसरी आणि शेवटची स्त्री. त्याच ऑगस्टमध्ये हेलसिंकीच्या जागतिक स्पर्धेत तिने पाच व दहा हजार मीटरांची सुवर्णपदके जिंकली. २००६ मध्ये फुकुओकाला तिचीच देशभगिनी, वीस वर्षांची गेलेटे बुरका जिंकली आणि छोट्या शर्यतीच्या विजेत्यांची यादी तेथे संपली. एकोणीस वर्षांच्या मुलीपासून छत्तीस वर्षांच्या बाईपर्यंत सर्वांना सामावून घेणारी ही शर्यत होती, हे या यादीवरून सहज ध्यानात येईल.

कारणे आणि त्यांचे वजन

शर्यत रद्द करण्याच्या बाजूने जे मांडले गेले त्याचाही विचार निःपक्षपातीपणे केला पाहिजे. एक म्हणजे, दोन शर्यतींमुळे विजेतेपदाची किंमत विभागली जाते. जगातील सर्वोत्तम क्रॉस कंट्री धावपटू कोण, या प्रश्नाचे एकच उत्तर असावे, दोन नसावीत. या म्हणण्यात तथ्य आहे. दुसरे म्हणजे खर्चाचे. दोन दिवसांची स्पर्धा आणि मोठे संघ लहान देशांना परवडत नाहीत. यातही तथ्य आहे. तिसरा आक्षेप मात्र अधिक बारकाईने पाहण्यासारखा आहे. छोट्या शर्यतीने नवे देश पुढे येतील ही अपेक्षा फोल ठरली. तेथेही पूर्व आफ्रिकेचेच वर्चस्व राहिले, असे सांगितले जाते.

आकडे पाहता हा आक्षेप अर्धाच खरा ठरतो. स्त्रियांच्या नऊ वैयक्तिक विजेतेपदांपैकी चार केनियाला, चार इथिओपियाला आणि एक आयर्लंडला गेले, हे खरे. परंतु सांघिक विजेतेपदांची सुरुवातीची यादी निराळे सांगते. १९९८ मध्ये मोरोक्को, १९९९ मध्ये फ्रान्स आणि २००० मध्ये पोर्तुगाल असे तीन वर्षांत तीन निरनिराळे देश विजयी झाले, आणि त्यांत पूर्व आफ्रिकेतील एकही नव्हता. पुढे इथिओपिया व केनिया यांनी तेही स्थान काबीज केले. पण त्याचे कारण अंतरात शोधणे चूक होय. पूर्व आफ्रिकेच्या डोंगराळ प्रदेशांतील धावपटूंनी सर्वच अंतरांवर मिळवलेले ते प्रभुत्व होते. छोटी शर्यत बंद झाल्यावर ते कमी झाले काय? मुळीच नाही. २०१७ मध्ये कंपाला येथे स्त्रियांच्या एकमेव मोठ्या शर्यतीत पहिले सहाही क्रमांक केनियाच्या धावपटूंनी पटकावले. वर्षागणिक भरणारी ही स्पर्धा २०११ नंतर दर दोन वर्षांनी भरू लागली, तिलाही छोटी शर्यत कारणीभूत असण्याचा प्रश्नच नव्हता. ती केव्हाच गेलेली होती. ज्या दुखण्यावर उपाय म्हणून एक अवयव कापला, ते दुखणे कापल्यानंतरही तसेच राहिले. मग दोष त्या अवयवाचा होता, असे कसे म्हणावे?

परंतु कारणे खरी होती की खोटी, यापेक्षा महत्त्वाचा मुद्दा पुढचा आहे. छोटी शर्यत काढून टाकायचीच होती, तर उरलेल्या एकमेव शर्यतीचे अंतर स्त्री-पुरुषांना समान करण्याची ती उत्तम संधी होती. ती घेतली गेली नाही. २००७ मध्ये मोम्बासा येथे पुरुष पुन्हा बारा किलोमीटर धावले आणि स्त्रिया आठ. त्यापुढे २०१५ पर्यंतच्या सर्व स्पर्धांत हेच चालू राहिले. या काळात पाच हजार, दहा हजार आणि मॅरेथॉन या शर्यती दोघेही सारख्याच अंतराने धावत होते. २००८ च्या बीजिंग ऑलिंपिकमध्ये स्त्रियांची स्टीपलचेसही आली. बेचाळीस किलोमीटर डांबरी रस्त्यावर धावू शकणारी स्त्री गवतावर आठ किलोमीटरांच्या पुढे का जाऊ शकत नाही, याचे उत्तर देण्याची गरजही कोणाला वाटली नाही. समानता रद्द करण्याचा ठराव कोणी केलेला नव्हता. एका प्रशासकीय निर्णयाच्या पोटात ती नकळत विरघळून गेली, आणि हेच अधिक चिंताजनक आहे. जो हक्क भांडून मिळालेला असतो त्याच्यावर घाला आला तर निदान ओरड तरी होते. जो आनुषंगिक म्हणून मिळतो, तो आनुषंगिक म्हणूनच जातो.

अखेर २०१७ मध्ये कंपाला येथे पुरुष व स्त्रिया दोघांसाठी सुमारे दहा किलोमीटर हे एकच अंतर ठरवण्यात आले. आकाश कोसळले नाही. उलट त्या दिवशी जो प्रसंग घडला तो १९२८ च्या टीकाकारांना दाखवावा असा होता. पुरुषांच्या शर्यतीत युगांडाचा जोशुआ चेप्तेगेई घरच्या प्रेक्षकांसमोर शेवटच्या फेरीपर्यंत आघाडीवर होता. तेथे त्याची शक्ती एकाएकी सरली, पाय अडखळू लागले आणि अंतिम रेषेपर्यंत पोचेतो तो तिसावा झाला. दुसऱ्या दिवशी ‘दहा किलोमीटर पुरुषांना झेपत नाहीत’ असे कोणी छापले नाही, आणि छापू नये हेच योग्य होते. तोच चेप्तेगेई पुढे २०१९ मध्ये आर्हुस येथे याच स्पर्धेचा विजेता ठरला. कोसळलेल्याला पुन्हा धावू देणे, हाच न्याय. अ‍ॅमस्टरडॅमच्या धावपटूंना तो मिळाला नव्हता.

कंपालापासूनच दोन पुरुष व दोन स्त्रिया यांची मिश्र रिले शर्यतही सुरू झाली. प्रत्येकाच्या वाट्याला सुमारे दोन किलोमीटर. मध्यम पल्ल्याच्या धावपटूंना क्रॉस कंट्रीकडे खेचण्याचे माराकेशचे स्वप्न या मार्गाने निराळ्या रूपात परतले, असे म्हणता येईल. येथेही स्त्री व पुरुष सारखेच अंतर धावतात, एवढेच नव्हे तर एकाच संघासाठी धावतात. छोट्या शर्यतीला एवढा वारसा तरी लाभला.

उरलेले दोन किलोमीटर

तेव्हा प्रश्न संपला असे समजावे काय? दुर्दैवाने नाही. २०२४ मध्ये बेलग्रेड येथे झालेल्या स्पर्धेत प्रौढ गटातील अंतर दोघांना सारखे होते. परंतु वीस वर्षांखालील गटात मुलगे आठ किलोमीटर धावले आणि मुली सहा. म्हणजे एकोणीस वर्षांच्या मुलीला तिच्याच वयाच्या मुलापेक्षा दोन किलोमीटर कमी झेपतात आणि विसावे वर्ष ओलांडताच तिला पुरुषाइतकेच, पूर्ण दहा, झेपू लागतात! शरीरशास्त्राचा असा कोणता नियम आहे की जो वाढदिवसाच्या तारखेला बदलतो? स्त्री आणि पुरुष यांच्या वेगात सरासरी फरक असतो, हे निर्विवाद आहे. म्हणून तर त्यांच्या शर्यती स्वतंत्र असतात. पण वेगातील फरक हे अंतर कमी करण्याचे कारण होऊ शकत नाही. जी मुलगी थोडी सावकाश धावते, तिला त्याच अंतरासाठी थोडा अधिक वेळ लागेल, इतकाच त्याचा अर्थ.

छोटी शर्यत पुन्हा सुरू करा, अशी मागणी करण्याचे आज फारसे प्रयोजन नाही. एका स्पर्धेत एकच विजेता असावा हे तत्त्व मान्य करता येते. मात्र तिने दिलेला धडा कार्यक्रमपत्रिकेतून वगळता कामा नये. तो असा की, अंतर हा शर्यतीचा गुण आहे, धावणाऱ्याच्या लिंगाचा नव्हे. चारचे अंतर हवे असेल तर ते दोघांना असावे, दहाचे हवे असेल तर तेही दोघांना. कुमार गटातील सहा आणि आठ यांचा मेळ घालणे हे आंतरराष्ट्रीय महासंघाच्या दृष्टीने एका बैठकीचे काम आहे. त्यासाठी नवा निधी लागत नाही, नवे मैदान लागत नाही. मैदानावर रोवलेल्या खुणांच्या काठ्या थोड्या पुढेमागे कराव्या लागतात, एवढेच.

आणि या खुणांच्या काठ्या केवळ बेलग्रेडच्या मैदानावरच रोवलेल्या असतात असे नाही. जेथे जेथे कोणीतरी कागदावर दोन रकाने आखून एकात अधिक व दुसऱ्यात कमी आकडा लिहितो, तेथे तेथे त्या रोवलेल्या असतात. शाळेच्या वार्षिक क्रीडामहोत्सवाचा तक्ता शिक्षक आखतात, तो स्वच्छ टंकलिखित करून कार्यालयातील कारकून पुढे पाठवतात आणि विद्यार्थी तो निमूटपणे मान्य करतात. मागील वर्षीचा तक्ता समोर ठेवूनच नवा तयार होतो, म्हणून जुना आकडा पिढ्यान्‌पिढ्या उतरत राहतो. त्यामागे कोणाचा दुष्ट हेतू नसतो. हेतू तर फुकुओकानंतरच्या निर्णयामागेही नव्हता. परंतु हेतू नसतानाही दहा वर्षांचे नुकसान होऊ शकते, हे त्या निर्णयाने दाखवून दिले आहे. तेव्हा पुढच्या वेळी असा तक्ता समोर येईल, तेव्हा मुलींच्या रकान्यातील आकडा कमी का, एवढे एकदा विचारून पाहावे. उत्तर सयुक्तिक असेल तर आकडा राहू द्यावा. ‘पूर्वीपासून असेच आहे’ असे उत्तर आले, तर तो खोडून मुलांच्या रकान्यातील आकडा तेथे लिहावा. धावायचे किती, हे मग मुलीच ठरवतील.